अभिमन्यूची वही

'एक डॉक्टर की मौत' या सिनेमात डॉक्टर मरत नाही. तरीही या सिनेमाचा विषय निघाला की कुणीतरी विचारतंच, "तोच ना, ज्यात पंकज कपूर शेवटी मरतो?" नाही, मरत नाही. तपन सिन्हांच्या या १९९०च्या हिंदी सिनेमात डॉ. दीपांकर रॉय कुष्ठरोगावरची लस शोधून काढतो. बातमी बाहेर येते आणि आरोग्य खात्यातले साहेब खवळतात. सहकारी जळतात. त्याला हार्ट अटॅक येतो, परदेशातून आलेलं पत्र दाबून ठेवलं जातं, दूरच्या खेड्यात बदली होते, आणि एवढं होऊन शेवटी तीच लस शोधल्याचं श्रेय दोन अमेरिकन डॉक्टरांना मिळतं. तो कोसळतो. मग जॉन अँडरसन फाउंडेशनचं निमंत्रण येतं आणि तो जायचं ठरवतो. सिनेमा संपतो तेव्हा डॉक्टर जिवंत असतो, त्याला पुढे काम असतं.

लोकांना शेवट चुकीचा आठवतो याचं एक कारण अर्थातच नाव. दुसरं कारण असं की, ज्या माणसावरून हा सिनेमा सुचला तो खरोखर गेला होता. डॉ. सुभाष मुखोपाध्याय. १९ जून १९८१ रोजी कलकत्त्यातल्या आपल्या घरी त्यांनी आत्महत्या केली. वय ५०. (फोनवर हे नाव शोधलंत तर ज्ञानपीठ मिळालेले बंगाली कवी समोर येऊ शकतात. ते वेगळे.)

भारतातलं पहिलं टेस्ट ट्यूब बाळ या डॉक्टरांच्या प्रयत्नांतून जन्माला आलं. ३ ऑक्टोबर १९७८, कलकत्ता. मुलगी. तिची ओळख लपवायची होती म्हणून जगापुढे तिचं नाव 'दुर्गा' झालं. त्याआधी फक्त एकच असं बाळ जन्मलं होतं, इंग्लंडमधल्या ओल्डहॅममध्ये २५ जुलैला जन्मलेली लुईज ब्राऊन. दोघींमधलं अंतर जवळपास प्रत्येक लेखात '६७ दिवस' असं दिलेलं असतं. मी कॅलेंडर घेऊन मोजले, ७० भरतात. जुलैचे ६, ऑगस्टचे ३१, सप्टेंबरचे ३०, इथपर्यंत ६७ होतात. ऑक्टोबरचे ३ बहुधा कुणीतरी धरायचे विसरलं आणि मग सगळ्यांनी तोच आकडा उतरवून घेतला. तीन दिवसांनी इतिहास बदलत नाही. पण मुखोपाध्यायांबद्दल लिहिणारे आपण सगळे किती कमी पडताळतो, हे मला त्या आकड्यात दिसतं. आणि हा लेख खरं तर त्याबद्दलच आहे.

आधी त्यांनी केलं काय, ते बघू. गोष्ट सांगणारे हा भाग एका ओळीत उरकतात.

मुखोपाध्याय १९३१ साली हजारीबागला जन्मले. कलकत्त्यात डॉक्टर झाले, तिथेच प्रजनन-शरीरक्रियाशास्त्रात पीएचडी केली आणि पुढे एडिंबरा विद्यापीठातून हार्मोनच्या अभ्यासात दुसरी पीएचडी घेऊन १९६७मध्ये परतले. म्हणजे मूळचा माणूस हार्मोनचा. हे लक्षात ठेवलं तर त्यांची पद्धत ओल्डहॅमपेक्षा वेगळी का होती ते कळतं.

लुईजच्या वेळी रॉबर्ट एडवर्ड्स आणि पॅट्रिक स्टेप्टो यांनी हार्मोनची इंजेक्शनं सोडून दिली होती. ते नैसर्गिक पाळीच्या मागे गेले. महिन्याला एकच स्त्रीबीज तयार होतं, ते नेमक्या वेळी दुर्बिणीच्या ऑपरेशनने काढायचं, प्रयोगशाळेत फलित करायचं आणि परत गर्भाशयात ठेवायचं. मुखोपाध्यायांनी उलटी वाट धरली. पाळी गेलेल्या स्त्रियांच्या लघवीतून मिळवलेलं हार्मोन देऊन त्यांनी एकाच वेळी अनेक स्त्रीबीजं पिकवली. ती काढायला पोटावरून दुर्बीण न घालता योनिमार्गाच्या मागच्या भिंतीला लहानसा छेद दिला. पण हार्मोन दिलेल्या महिन्यात गर्भाशयाची अवस्था बिघडलेली असते, तिथे गर्भ रुजणं अवघड. मग काय करायचं? तर गर्भ गोठवायचा. आठ पेशींच्या अवस्थेतले गर्भ त्यांनी डीएमएसओ या रसायनाच्या मदतीने गोठवून ५३ दिवस ठेवले आणि पुढच्या एका साध्या, औषधाविना आलेल्या पाळीच्या वेळी गर्भाशयात सोडले.

आज तुमच्या-माझ्या ओळखीतलं कुणी आयव्हीएफच्या क्लिनिकमध्ये गेलं तर हे तिन्ही टप्पे तिच्या फाइलमध्ये दिसण्याची दाट शक्यता आहे. इंजेक्शनं देऊन अनेक बीजं, योनिमार्गातून ती काढणं (आता छेदाऐवजी सोनोग्राफीच्या आधाराने सुई), आणि गर्भ गोठवून नंतरच्या पाळीत सोडणं. गोठवलेल्या गर्भापासून राहिलेल्या गरोदरपणाची जगन्मान्य नोंद मेलबर्नची आहे, १९८३ची. तिथेच १९८४मध्ये असं पहिलं बाळ जन्मलं. दुर्गा तेव्हा साडेपाच वर्षांची होती.

एक ढोबळ हिशेब मी करून पाहिला. ऑक्टोबर १९७८चा जन्म, म्हणजे गर्भ आत सोडला तो त्या वर्षाच्या सुरुवातीला. त्यातून ५३ दिवस मागे गेलं की आपण १९७७च्या नोव्हेंबरमध्ये येतो. लुईज ब्राऊनची बातमी जगाला कळायला तेव्हा आठेक महिने होते. ओल्डहॅमचं ऐकून कलकत्त्यात कुणी घाईघाईने दावा ठोकला, हा संशय या साध्या वजाबाकीपुढे टिकत नाही. अर्थात त्यासाठी त्यांच्या नोंदी खऱ्या आहेत हे मान्य करावं लागतं, आणि भांडण तिथेच होतं.

आता सिनेमाकडे परत येते. तपन सिन्हांनी टेस्ट ट्यूब बाळाच्या जागी कुष्ठरोगाची लस आणली. कारण समजण्यासारखं आहे. डॉक्टरांना जाऊन जेमतेम नऊ वर्षं झाली होती, ती मुलगी आणि तिचं कुटुंब अजून आडोशाला होतं, आणि लस शोधणारा डॉक्टर कुणालाही पटकन कळतो. पण या एका बदलाने कथेचा कणाच सरकला, असं मला वाटतं. लसीचा पुरावा कुठे असतो? प्रयोगशाळेत, आकड्यांत, रुग्णांच्या त्वचेवर. मुखोपाध्यायांचा पुरावा एक तान्ही मुलगी होती. तिच्या आईवडिलांना मूल हवं होतं, गाजावाजा नको होता. १९७८च्या कलकत्त्यात, बऱ्यापैकी सनातनी वळणाच्या घरात, 'नळीत झालेली मुलगी' म्हणून तिला कुणी बोट दाखवलं असतं तर? तिला लपवणं साहजिक होतं. पण तिला लपवलं की दावाही निम्मा लपतो. डॉक्टरने पुरावा पुढे करायचा की रुग्णाचा शब्द पाळायचा? या पेचावर एक पूर्ण सिनेमा उभा राहिला असता. लसीच्या सिनेमात हा पेच येऊच शकत नाही. आणि तो नसला की संशय घेणाऱ्यांकडे एकच हेतू उरतो, मत्सर.

सिनेमातली व्यवस्था म्हणूनच मला सपाट वाटते. पंकज कपूर मोठं काम करतो, त्याबद्दल वाद नाही. त्याला त्या वर्षी राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला आणि तपन सिन्हांना उत्कृष्ट दिग्दर्शनाचा. तुसडा, हट्टी, बायकोकडे लक्ष न देणारा आणि तरी आवडणारा माणूस त्याने उभा केलाय. शबाना आझमीची सीमा त्याच्याइतकीच चांगली, किंबहुना जास्त, कारण तिला कमी वाक्यांत जास्त सोसायचं आहे. बातमीदार अमूल्य झालेला तरुण इरफान खान बघणं हा तर आज वेगळाच आनंद. पण या तिघांच्या समोर जे उभे आहेत त्यांतल्या कुणालाही प्रामाणिक शंका येत नाही. कुणीही म्हणत नाही, "दाखवा बरं तुमची वही."

खऱ्या गोष्टीतही तसं म्हणणारं जवळजवळ कुणी नव्हतं, आणि ती खरी शोकांतिका आहे. ऑक्टोबर १९७८मध्येच मुखोपाध्यायांनी राज्याच्या आरोग्य संचालकांना अहवाल दिला. नोव्हेंबरमध्ये सरकारने तज्ज्ञ समिती नेमली. समितीच्या प्रमुखपदी रेडिओ-भौतिकशास्त्राचे प्राध्यापक होते. हे मी टोमणा म्हणून सांगत नाही. ते आपल्या विषयातले जाणकारच होते. पण हार्मोन, स्त्रीबीज आणि गोठवलेला गर्भ यांवरचा दावा तपासायला जो माणूस हवा तो हा नव्हे. समितीने दावा खोटा ठरवला. जपानमधल्या क्योतो विद्यापीठातून बोलावणं आलं होतं, तिथे जाऊन जगातल्या जाणकारांपुढे सगळं मांडता आलं असतं. सरकारने जाऊ दिलं नाही. आणि जून १९८१मध्ये हार्मोनच्या या अभ्यासकाची बदली कुठे झाली? डोळ्यांच्या संस्थेत.

सिनेमात बदली खेड्यात होते. हिंदी सिनेमात सरळ माणसाची बदली नेहमी खेड्यातच होते, तिथे कंदील असतो, डास असतात. प्रत्यक्षातली बदली त्याच शहरात झाली, आणि मला ती जास्त क्रूर वाटते. कुणीतरी फाइलवर शेरा मारला, जागा रिकामी होती, पद प्राध्यापकाचंच होतं, नियमाने सगळं बरोबर. फक्त त्या माणसाचं आयुष्यभराचं काम तिथे करता येणार नव्हतं. ही शांत, नियमात बसणारी क्रूरता दाखवायला खलनायक लागत नाही, म्हणून ती पडद्यावर येतही नाही.

आत्महत्येबद्दल एक सांगायला हवं. तपन सिन्हांनी ती पडद्यावर आणली नाही, हा मला या सिनेमातला सगळ्यात शहाणा निर्णय वाटतो. नंतरच्या लेखांनी आणि आता रील्सनी नेमकं उलट केलं. तिथे गोष्टीची सुरुवातच त्या दिवसापासून होते. वर एक सतार, खाली 'सिस्टिमने मारलं'. कुणाच्याही आत्महत्येला असं एका वाक्यात बसवू नये, हा एक मुद्दा. दुसरा असा की, मरणापासून सुरुवात केली की त्याआधीच्या प्रत्येक गोष्टीला मरणाची तयारी एवढाच अर्थ उरतो. ५३ दिवस गोठवलेला गर्भसुद्धा मग त्या दुःखी संगीताखाली जातो.

सिनेमाचा आधार रमापद चौधुरी यांची बंगाली कादंबरी आहे. तिचं नाव 'अभिमन्यू'. या नावापाशी मी बराच वेळ अडले होते. वरवर पाहता चपखल आहे. एकटा वीर, भोवती सात महारथी, बाहेर पडायची वाट नाही. शिवाय अभिमन्यूची गोष्ट मुळात गर्भातल्या मुलाची आहे. सुभद्रेच्या पोटात असताना त्याने चक्रव्यूहात शिरायचं ऐकलं, बाहेर यायचं ऐकायच्या आधी गोष्ट थांबली. टेस्ट ट्यूब बाळाच्या डॉक्टरला हे नाव द्यायला कल्पक लेखकच हवा.

पण नाव द्यायचं म्हणजे साचाही द्यायचा. अभिमन्यूच्या गोष्टीत त्याच्या बाजूने कुणी आत शिरू शकत नाही. जयद्रथ दारात उभा असतो. मुखोपाध्याय मात्र एकटे नव्हते. गर्भ गोठवण्याचं काम सुनीत मुखर्जींचं होतं, जादवपूर विद्यापीठातले शीतजतनाचे अभ्यासक. स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. सरोजकांती भट्टाचार्य यांनी शस्त्रक्रियेची बाजू सांभाळली. १९७८ साली 'इंडियन जर्नल ऑफ क्रायोजेनिक्स'मध्ये गर्भ दीर्घकाळ गोठवून ठेवण्याबद्दल जो छोटा निबंध आला, त्यावर तिघांची नावं आहेत. डॉक्टर, इंजिनिअरी अंगाचा तंत्रज्ञ आणि सर्जन, तीन वेगळ्या इमारतींतली माणसं एका टेबलाशी आली म्हणून हे घडलं. अभिमन्यूच्या साच्यात हे टेबल मावत नाही. एकटेपणाची गोष्ट जास्त रडवते, एवढंच.

आणि ज्या स्त्रीच्या शरीरावर हे सगळं झालं तिचं काय? १९७७ साली, जगात कुठेही अजून असं बाळ जन्मलेलं नसताना, इंजेक्शनं घ्यायला, छेद करून घ्यायला, गोठवून ठेवलेला गर्भ पोटात घ्यायला तयार झालेली ती बाई. माझ्या मते या प्रकरणातलं सगळ्यात मोठं धाडस तिचं. सिनेमात लस आल्यामुळे ती मुळातून गेलीच. पण जे लेख टेस्ट ट्यूब बाळाबद्दलच आहेत त्यांतही ती 'एक दांपत्य' या दोन शब्दांत संपते.

कुणी म्हणेल, परदेशात असतं तर असं झालं नसतं. सिनेमाचा शेवटही तेच सुचवतो. न्याय जॉन अँडरसनच्या लिफाफ्यातून येतो. मला हे पटत नाही. एडवर्ड्स आणि स्टेप्टो यांचा निधीचा अर्ज ब्रिटनच्या वैद्यकीय संशोधन परिषदेने १९७१मध्ये फेटाळला होता. त्यांच्यावर नीतीचे आरोप झाले. लुईजच्या जन्माची बातमी तर आधी एका वर्तमानपत्राला विकली गेली, त्यामुळे 'आधी पेपरात गेले, नंतर शास्त्रज्ञांपुढे' हा मुखोपाध्यायांवरचा आक्षेप तिथेही लागू होता. जीन पर्डी या तिसऱ्या सहकारिणीचं नाव तर कित्येक वर्षं कुणी घेतलंच नाही. फरक पडला तो पुढे. ऑगस्ट १९७८मध्ये 'लॅन्सेट'मध्ये त्यांचं छोटंसं पत्र छापून आलं. १९७९च्या जानेवारीत लंडनला स्त्रीरोगतज्ज्ञांच्या रॉयल कॉलेजमध्ये त्यांनी भरल्या सभागृहापुढे तपशील मांडला, प्रश्न घेतले. शंका तिथेही होत्याच, फक्त शंकांना उत्तर द्यायला जागा होती. साधारण त्याच दिवसांत मुखोपाध्यायांची क्योतोची वाट बंद होत होती. एडवर्ड्सना २०१०मध्ये नोबेल मिळालं.

मग आपल्याकडे न्याय कुठून आला? लिफाफ्यातून नाही. परळहून आला.

६ ऑगस्ट १९८६ रोजी मुंबईच्या केईएम रुग्णालयात हर्षा नावाची मुलगी जन्मली. डॉ. इंदिरा हिंदुजा आणि परळच्याच प्रजनन संशोधन संस्थेचे डॉ. टी. सी. आनंदकुमार यांच्या पथकाचं हे काम. व्यवस्थित नोंदलेलं, छापलेलं, तपासलेलं. देशाने हर्षाला भारताची पहिली टेस्ट ट्यूब बेबी म्हटलं. माझ्या पिढीने सामान्यज्ञानाच्या पुस्तकात तेच पाठ केलं, आणि मुंबईचं म्हणून थोडा अभिमानही बाळगला.

अकरा वर्षांनी, १९९७मध्ये, आनंदकुमार वंध्यत्व-उपचारांवरच्या एका राष्ट्रीय परिषदेसाठी कलकत्त्याला गेले. तिथे मुखोपाध्यायांचे कागद त्यांच्या हाती आले. हाताने लिहिलेली टिपणं, पत्रं, सरकारला दिलेला अहवाल. त्यांनी ते वाचले. सुनीत मुखर्जींशी बोलले. ते स्वतः याच विषयातले असल्यामुळे काय शोधायचं ते त्यांना ठाऊक होतं. कोणतं हार्मोन, कधी, किती, बीज कसं काढलं, कशात गोठवलं, पाळीचे दिवस जुळतात का. आणि मग 'करंट सायन्स' या नियतकालिकात त्यांनी लेख लिहिला. भारताच्या पहिल्या टेस्ट ट्यूब बाळाचे शिल्पकार सुभाष मुखोपाध्याय आहेत, असं त्याच्या शीर्षकातच म्हटलं होतं. म्हणजे मी नाही.

हा प्रसंग मला चक्रव्यूहापेक्षा जास्त नाट्यमय वाटतो. ज्याच्या नावावर पहिलेपण जमा आहे तो माणूस एका मेलेल्या, बदनाम झालेल्या सहव्यवसायिकाची वही वाचतो आणि आपल्या नावावरून तो मान काढून त्याच्या नावावर लिहितो. कुणी मागितलेला नसताना. गप्प बसला असता तर त्याला कुणी काही विचारलं नसतं. मुखोपाध्यायांच्या बाजूने कलकत्त्यात बोलणारे लोक होते, पण त्यांचं म्हणणं जिव्हाळ्याचं म्हणून बाजूला सारता येत होतं. आनंदकुमारांचं तसं करता येत नव्हतं. पुढे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेनेही या कामाची दखल घेतली, आणि २००३मध्ये पंचवीस वर्षांची झालेली दुर्गा स्वतःहून लोकांसमोर आली. पण दार उघडलं ते त्या लेखाने.

१९९०च्या सिनेमाला १९९७ची गोष्ट माहीत असणं शक्य नव्हतं, त्यामुळे तपन सिन्हांकडे ही तक्रार नाही. तक्रार आपल्याकडे आहे. १९९७ला होऊनही आता तीनेक दशकं झाली, तरी मुखोपाध्यायांवरचा नवा मजकूर १९८१लाच संपतो आणि आनंदकुमार आले तर शेवटच्या ओळीत येतात. दुसऱ्या टोकाला हर्षाबद्दल लिहिताना अजून 'भारतातली पहिली शास्त्रीयदृष्ट्या नोंदलेली टेस्ट ट्यूब बेबी' असं लिहिलं जातं. हे विशेषण नीट वाचा. ते खोटं नाही. समितीसमोर, जर्नलमध्ये, फोटोंसकट सिद्ध झालेली पहिली हर्षाच. मुखोपाध्यायांचं काम त्या काळी दुसऱ्या कुठल्या प्रयोगशाळेत पडताळलं गेलं नाही, हेही खरं. पण ज्या नोंदी होत्या त्या वाचायलाच कुणी बसलं नाही आणि मग 'नोंद नाही' असं म्हटलं गेलं. 'नोंदलेली' या शब्दामागे हे सगळं लपतं. आनंदकुमारांनी स्वतः हे विशेषण वापरून सुटका करून घेतली असती तर चाललं असतं. त्यांनी ते केलं नाही.

वहीचा मी एवढा हट्ट का धरतेय? कारण २०१९च्या जानेवारीत जालंधरला भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये एका कुलगुरूंनी सांगितलं की कौरव हे टेस्ट ट्यूब बेबी होते. गांधारीच्या मांसपिंडाचे तुकडे, तुपाचे कुंभ वगैरे. त्यावर मीम्स आले, हसून झालं. पण मला विचारायचं आहे की, मुखोपाध्यायांची गोष्ट आपण फक्त 'प्रतिभावंतावर अन्याय झाला, संशय घेणारे सगळे दुष्ट' अशी सांगत राहिलो, तर कौरवांचा दावा करणाऱ्याला काय उत्तर देणार? तोही म्हणेल, माझ्यावर अन्याय होतोय, तुम्हाला आपल्या लोकांची कदर नाही. छळ झाला म्हणून दावा खरा ठरत नाही. मुखोपाध्यायांचा दावा खरा ठरतो कारण त्यात हार्मोन आहे, तारखा आहेत, डीएमएसओ आहे, ५३ दिवस आहेत, आणि हे सगळं वाचून एका विरुद्ध हितसंबंधाच्या जाणकाराने मान डोलावली आहे. अभिमन्यू आणि कौरव एकाच ग्रंथातले. त्यातून आपल्याला हवा तो उचलता येतो. वहीतून तसं करता येत नाही.

मराठीत आपण काही वेगळे नाही. आनंदीबाई जोशी म्हटलं की आपल्याला गोपाळरावांचा छळ आठवतो, बोट आठवते, एकविसाव्या वर्षी आलेला मृत्यू आठवतो. कादंबरी, नाटक, सिनेमा सगळं झालं. १८८६ साली फिलाडेल्फियात पदवी घेताना त्यांनी आर्य हिंदूंच्या प्रसूतिशास्त्रावर प्रबंध लिहिला होता, हे किती जणांना माहीत असतं? त्यात काय म्हटलंय, ते चूक आहे की बरोबर, यावर मी कधी कुणाला वाद घालताना पाहिलं नाही. खरं तर डॉक्टर म्हणून त्यांच्याशी बोलायचं तर तिथूनच सुरुवात करायला हवी.

मुखोपाध्यायांवर पुन्हा कुणी सिनेमा किंवा सीरिज केली तर मला तीन खोल्या बघायच्या आहेत. एक, ज्यात शीतजतनाचा अभ्यासक आणि हार्मोनचा डॉक्टर गोठवण्याचा वेग किती ठेवायचा यावर भांडतायत. दुसरी, ज्यात एक बाई नवऱ्याला सांगते की मूल हवंय पण नाव कुठे यायला नको. आणि तिसरी १९९७ची. टेबलावर कागदांची चळत, समोर एक वयस्क शास्त्रज्ञ, बराच वेळ काहीच घडत नाही, फक्त पानं उलटण्याचा आवाज. दिग्दर्शकाला अवघड जाईल, निर्माता तर पहिल्याच बैठकीत ती खोली कापायला सांगेल.

तोवर आनंदकुमारांचा तो लेख आहे. 'करंट सायन्स', १९९७, खंड ७२, पान ५२६ ते ५३१. सहा पानं, नियतकालिकाच्या संकेतस्थळावर फुकट. स्कॅन जुनं आहे, फोनवर थोडं झूम करून वाचावं लागतं.